वेड, गुन्हा आणि पाप : सोलापूरच्या ‘सेटलमेंट’वरून सुचलेले विचार

एखाद्याने घोर कृत्य केल्याचे कानी आले म्हणजे आपल्या समाजात तीन प्रकारचे उद्गार निघतात. कोणी म्हणतो, ‘त्याचे डोके फिरले असावे’. कोणी म्हणतो, ‘असल्याला फासावरच चढविले पाहिजे’. आणि एखादी वृद्ध बाई कपाळास हात लावून ‘काय हे पाप!’ एवढेच बोलते. हे तीनही उद्गार पुष्कळदा एकाच ओट्यावरून, एकाच घटकेत व क्वचित् एकाच मुखातून बाहेर पडतात, आणि त्यांत काही विसंगती आहे असे कोणास वाटत नाही. वास्तविक पहिला उद्गार खरा असेल तर दुसरा अन्यायाचा ठरतो. आणि तिसरा खरा असेल तर त्याचा निवाडा करण्याचा अधिकार वैद्यासही नाही व न्यायाधीशासही नाही. आपल्या भाषेनेही हा घोटाळा जपून ठेवला आहे. ‘गुन्हा’ हा शब्द आपण फारसीतून घेतला. त्या भाषेत त्याचा मुख्य अर्थ ‘पाप’ असा आहे. मराठीत येऊन तो कचेरीत बसला आणि कायद्याच्या उल्लंघनाचा वाचक झाला. परंतु जुना अर्थ पुरता गेला नाही. ‘माझा काय गुन्हा?’ असे जेव्हा एखादी सून विचारते तेव्हा ती काही फौजदारी कायद्याचे कलम विचारीत नसते.

या तीन कल्पनांच्या सीमा कोठे मिळतात व कोठे पुसट होतात, हा प्रश्न केवळ तत्त्ववेत्त्यांच्या करमणुकीचा असता तर त्यावर मासिकाची पाने खर्ची घालण्याचे कारण नव्हते. परंतु आपल्याच प्रांतात, सोलापूर शहरात, या सीमा पुसल्या गेल्यामुळे हजारो माणसांस तारेच्या कुंपणाआड आयुष्य कंठावे लागले. त्या शहरात आज ‘सेटलमेंट’ हा शब्द एखाद्या पेठेच्या नावासारखा उच्चारला जातो. ‘सेटलमेंट फ्री कॉलनी’ असा पत्ता लिहिलेली पत्रे टपालवाला बिनबोभाट पोहोचवितो. पण ‘फ्री’ हे विशेषण त्या वस्तीला का लावावे लागले, याचा विचार करणारास एक सबंध इतिहास उलगडावा लागतो.

तो इतिहास जेथून सुरू होतो तेथे सर जेम्स फिट्झजेम्स स्टीफन हे नाव आढळते. हा गृहस्थ १८६९ ते १८७२ या काळात हिंदुस्थान सरकारच्या कौन्सिलात कायदेविषयक सभासद होता. १८७२ चा पुराव्याचा कायदा हे त्याचेच काम. पुढे विलायतेत परतल्यावर १८८३ साली त्याने इंग्लंडच्या फौजदारी कायद्याचा इतिहास तीन खंडांत लिहिला, आणि त्यात वेड व जबाबदारी यांविषयी एक स्वतंत्र प्रकरण घातले. ते प्रकरण त्या काळाच्या मानाने मोठे उदार आहे. त्याची पार्श्वभूमी अशी : १८४३ साली मॅक्नॉटन नावाच्या इसमाने, टोरी पक्ष आपला छळ करीत आहे या भ्रमाने पछाडून, पंतप्रधान पील यांचा चिटणीस ड्रमंड यास गोळी घातली. ज्यूरीने त्यास वेडा ठरवून सोडले व त्याची रवानगी वेड्यांच्या इस्पितळात झाली. त्यावरून लोकमत खवळले, आणि उमरावसभेने न्यायाधीशांकडून नियम मागविले. कृत्याचे स्वरूप काय, किंवा ते वाईट आहे, हे ज्यास मनाच्या रोगामुळे समजत नाही तोच निर्दोष, असा त्या नियमांचा मथितार्थ. आपल्या १८६० च्या दंडसंहितेचे ८४ वे कलम याच सुमाराचे. आणि १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय न्याय संहितेच्या २२ व्या कलमात तोच आशय कायम आहे. स्टीफनचे म्हणणे असे की, एवढी कसोटी पुरेशी नाही. मनुष्यास बरेवाईट कळत असेल, तथापि रोगाने त्याची स्वतःला आवरण्याची शक्तीच नष्ट केली असेल, तर त्यासही गुन्हेगार म्हणू नये. म्हणजे, शिक्षा करण्यापूर्वी त्या एका माणसाच्या अंतःकरणात डोकावून पाहणे हे न्यायाचे कर्तव्य आहे, असे त्याचे मत होते. त्याच ग्रंथात, गुन्हेगाराविषयी समाजाने द्वेष बाळगणे हे नीतीस धरूनच आहे असेही तो निःसंकोचपणे सांगतो. वेड, गुन्हा व पाप यांचा एकत्र विचार करणारा त्याच्याइतका स्पष्टवक्ता कायदेपंडित त्या काळी विरळा.

हाच स्टीफन कौन्सिलात असताना, १८७१ साली, गुन्हेगार जमातींचा कायदा संमत झाला व त्यानेच त्याचे समर्थन केले. या देशात सुताराचा मुलगा सुतार होतो, विणकराचा विणकर. त्याचप्रमाणे येथे काही जाती पिढ्यान्‌पिढ्या चोरीचाच धंदा करीत आल्या आहेत, अशी त्यामागील विचारसरणी होती. एखादी ‘टोळी, जमात अथवा वर्ग’ गुन्हे करण्याच्या नादी लागलेला आहे असे सरकारास वाटले की तसे जाहीर करावयाचे. आणि एकदा जाहीर झाले की त्या जाहीरनाम्याच्या योग्यायोग्यतेची चौकशी कोणत्याही न्यायालयाने करावयाची नाही. मॅक्नॉटनच्या मनाची परीक्षा करण्यासाठी वैद्य बोलाविले गेले. येथे साक्षीदारही नको होते. ज्या लेखणीने वेड्याला क्षमा मिळावी म्हणून कसोटी रुंद केली, तीच लेखणी शहाण्या व निरपराध माणसास त्याच्या जन्मावरून दोषी ठरवून गेली. याच कायद्याच्या दुसऱ्या भागात हिजड्यांच्या नोंदणीची तरतूद होती. म्हणजे नीतीविषयीचा संशय, गुन्ह्याविषयीचा संशय आणि देहस्वभावाविषयीची घृणा या तीन गोष्टी एकाच कायद्याच्या दोन भागांत शेजारीशेजारी नांदत होत्या. स्टीफन १८७९ साली न्यायाधीश झाला. पुढे त्याचीच बुद्धी क्षीण होत गेली, आणि त्या कारणाने १८९१ साली त्यास न्यायासन सोडावे लागले. १८९४ साली तो वारला. मन आपल्या स्वाधीन राहत नाही म्हणजे काय होते, हे त्याला अखेरीस स्वानुभवाने कळले. हे आम्ही त्यास हिणविण्यासाठी लिहीत नाही. त्या व्याधीबद्दल त्यास कोणी दुष्ट म्हटले नाही, आणि त्याच्या वंशजांची नावे कोणत्याही ठाण्यात नोंदविली गेली नाहीत, एवढेच लक्षात आणून द्यावयाचे आहे.

१८७१ चा कायदा आरंभी उत्तर हिंदुस्थानापुरता होता. १९११ साली तो नव्या स्वरूपात सर्व ब्रिटिश हिंदुस्थानास लागू करण्याजोगा झाला व मुंबई इलाख्यात त्याचा अंमल सुरू झाला. १९२४ साली तो पुन्हा एकत्र रचला गेला. त्यातील तरतुदी वाचताना अंगावर काटा उभा राहतो. नोंदलेल्या माणसाने ठरलेल्या वेळी हजेरी द्यावी. दाखल्यावाचून गावाबाहेर पाऊल टाकू नये. सरकारास वाटल्यास त्यास वसाहतीत डांबावे. त्याची मुले आईबापांपासून काढून वेगळ्या शाळेत ठेवावीत. ठरावीक गुन्ह्यांबद्दल दुसऱ्यांदा दोषी ठरल्यास सात वर्षांहून कमी शिक्षा नाही, तिसऱ्यांदा ठरल्यास जन्मठेप काळे पाणी.

मुंबई इलाख्यात या वसाहतींची उभारणी स्टार्ट या सिव्हिलियन अधिकाऱ्याच्या हातून झाली. विजापूर, हुबळी, गदग व सोलापूर ही त्यांतील प्रमुख ठिकाणे. सोलापूरची निवड होण्याचे कारण उघड आहे : तेथे गिरण्या होत्या. १८७० नंतरच्या दशकात सुरू झालेली ‘जुनी गिरणी’ व मागाहून निघालेल्या इतर गिरण्या यांना हात हवे होते, आणि सरकारास या लोकांना कामाला जुंपावयाचे होते. अमेरिकन मराठी मिशनच्या पाद्र्यांनीही येथे सुधारणेचे कार्य अंगावर घेतले. कैकाडी, पारधी, भामटे, मांग-गारुडी, कंजारभाट अशा नाना जमातींची कुटुंबे तारेच्या कुंपणाआड आणून ठेवण्यात आली. भोंगा झाला की गिरणीत जावे, सुटी झाली की परत यावे, हजेरी द्यावी. ज्यांची वर्तणूक चांगली दिसे त्यांना कुंपणाबाहेरच्या ‘मोकळ्या’ वसाहतीत राहावयास मिळे. ‘फ्री कॉलनी’ या नावाचा उगम हा असा आहे.

न्यायबुद्धीने बोलावयाचे तर स्टार्टसारख्या अधिकाऱ्यास क्रूर म्हणता येणार नाही. शाळा, दवाखाना, नियमित मजुरी यांवर त्याचा भर होता. १९२८ साली अस्पृश्य व आदिवासी वर्गांच्या स्थितीची चौकशी करण्यासाठी मुंबई सरकारने जी समिती नेमली तिचा तो अध्यक्ष होता, व डॉ. बाबासाहेब आंबेडकर व ठक्करबाप्पा हे तिचे सभासद होते. परंतु याच ठिकाणी आमच्या प्रश्नाचा खरा पेच आहे. वसाहतीतील माणसास सरकार काय समजत होते? तो वेडा होता म्हणावे, तर त्यास शुद्ध होती. त्याच्याकडून गिरणीचे काम बिनचूक करून घेतले जाई. तो गुन्हेगार होता म्हणावे, तर त्याच्यापैकी कित्येकांवर कधी खटलाच झाला नव्हता. कुंपणात जन्मलेल्या अर्भकाने तर काय चोरले असणार? तो पापी होता म्हणावे, तर पाप ज्याचे त्याने करावयाचे असते, ते वडिलार्जित मिळकतीसारखे वारसाने उतरत नाही. तेव्हा तिन्ही कल्पनांतून सोयीचा तेवढा अंश उचलला गेला : रोगाप्रमाणे आनुवंशिक, गुन्ह्याप्रमाणे दंडनीय, पापाप्रमाणे किळसवाणे. रोग्यास मिळणारी सहानुभूती, आरोपीस मिळणारी सुनावणी आणि पाप्यास मिळणारा पश्चात्तापाचा अवसर, यांपैकी मात्र काहीच त्याच्या वाट्यास आले नाही.

या कल्पनेस युरोपात शास्त्राचा मुलामा मागाहून मिळाला. इटालियन वैद्य लोंब्रोसो याने १८७६ साली जन्मगुन्हेगाराचा सिद्धांत मांडला व कवटीच्या आणि जबड्याच्या घडणीवरून गुन्हेगार ओळखू येतो असे प्रतिपादिले. आपल्याकडचा कायदा त्याच्या पाच वर्षे आधीचा. म्हणजे शास्त्रावाचूनच आपले काम चालले होते. पुढे इंग्लंडात गोरिंग नावाच्या तुरुंगवैद्याने तीन हजारांवर कैद्यांची मापे घेऊन १९१३ साली दाखवून दिले की, असा काही निराळा गुन्हेगारी देह नसतो. हा ग्रंथ निघाला त्या सुमारासच मुंबई इलाख्यात वसाहती उभ्या राहत होत्या. शास्त्र एकीकडे मागे फिरत होते आणि कारभार दुसरीकडे पुढे सरकत होता.

यावर कोणी असा आक्षेप घेईल की, ‘या जमातींतील काही लोक चोऱ्या करीत नव्हते काय?’ करीत होते. ते नाकारणे म्हणजे भाबडेपणा होय. परंतु असे का झाले हेही पाहिले पाहिजे. रामोशी व बेरड हे पूर्वीच्या राज्यांत गावांचे व गडांचे राखणदार होते. राज्य बुडाले तशी त्यांची वतने व कामे गेली. बैलांच्या पाठीवर धान्य व मीठ वाहून नेणाऱ्या जमाती होत्या. १८६० साली सोलापुरापर्यंत आगगाडी आली, आणि बैलांच्या तांड्याचे प्रयोजन उरले नाही. जंगलाचे कायदे झाले, तेव्हा पारध्याची पारध हाच अपराध ठरला. ज्याची भाकरी कायद्याने काढून घेतली, तो भुकेने चोरी करू लागला की त्याच कायद्याने म्हणावयाचे, ‘पाहा, हा जन्मतःच चोर!’ लक्ष्मण गायकवाड यांनी १९८७ साली प्रसिद्ध झालेल्या ‘उचल्या’ या आत्मकथनात अशा एका जमातीत जन्मून शाळेचा रस्ता धरणे म्हणजे काय असते ते सांगितले आहे. ते पुस्तक वाचल्यावर ‘स्वभावतः गुन्हेगार’ हे शब्द उच्चारण्याचे धैर्य कोणास होईल असे वाटत नाही.

सोलापूरनेच या प्रश्नाची आणखी एक बाजू जगास दाखविली आहे. १९३० च्या मे महिन्यात गांधीजींच्या अटकेनंतर त्या शहरात गोळीबार झाला, लोक खवळले, मंगळवार पेठेतील पोलीसचौकीवर चालून गेले व पोलिसांचे बळी पडले. काही दिवस शहरात सरकारी अंमल असा उरलाच नाही. नंतर लष्करी कायदा पुकारण्यात आला, आणि राष्ट्रीय निशाण मिरविणे हाही त्याखाली अपराध ठरला. मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, कुर्बान हुसेन व जगन्नाथ शिंदे या चौघांस खुनाच्या आरोपावरून १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्यास फाशी देण्यात आले. कायद्याच्या दप्तरी ते खुनी. सोलापूरकरांच्या अंतःकरणात ते हुतात्मे, आणि त्यांचे पुतळे आज शहराच्या मध्यभागी उभे आहेत. म्हणजे कायद्याचा गुन्हा आणि नीतीचे पाप या दोन गोष्टी एक नव्हेत हे सोलापूरकर चौकाचौकांत मान्य करतात. परंतु त्याच शहरातील तारेच्या कुंपणाआड, त्याच सरकारने गुन्हेगार ठरविलेली जी माणसे त्या वेळी हजेरी देत उभी होती, त्यांच्याविषयी मात्र सरकारचेच मत आम्ही मुकाट्याने स्वीकारले. चौघा हुतात्म्यांच्या बाबतीत जो विवेक आम्हांस सुचला तो शेजारच्या वस्तीच्या बाबतीत का सुचला नाही, याचे उत्तर आमचे आम्हीच द्यावयास हवे.

आता वेडाकडे वळू. १९६८ साली मुंबईच्या उपनगरांत झोपलेल्या माणसांची डोकी फोडणारा रामन राघव पकडला गेला. सत्र न्यायालयाने त्यास देहान्त शिक्षा दिली; परंतु वैद्यांनी तपासून तो असाध्य स्किझोफ्रेनियाने ग्रस्त असल्याचे सांगितले, आणि अखेर १९८७ साली ती शिक्षा जन्मठेपेत बदलली गेली. १९९५ साली तो पुण्यास वारला. याच्या उलट, १९७६ व १९७७ या वर्षांत पुण्यात दहा माणसांचे गळे आवळण्यात आले. मारेकरी एका कलामहाविद्यालयातील विद्यार्थी निघाले; त्यांना भ्रम नव्हता, आवाज ऐकू येत नव्हते. चौघांना १९८३ साली येरवड्यास फाशी झाली. त्या वेळी पुण्यातील लोकांना फार मोठा धक्का बसला तो यामुळेच की, या मुलांना वेडे म्हणून मोकळे होण्याची सोय नव्हती. निखळ दुष्टता रोगाचा आधार न घेताही उभी राहू शकते, हे त्यांनी दाखवून दिले. परंतु आमचा मुद्दा याहून साधा आहे. त्या दहा हत्यांनंतर कला शिकणाऱ्या विद्यार्थ्यांस कोणी रोज चौकीवर हजेरी लावावयास सांगितले काय? त्यांच्या धाकट्या भावंडांची नावे ठाण्यात नोंदविली गेली काय? नाही, आणि ते योग्यच झाले. दोष त्या मुलांचा, तो त्यांनीच भोगावा, हा न्याय सर्वांस पटला. फासेपारध्याच्या मुलास हाच न्याय लावावयाचा एवढीच आमची मागणी आहे.

या सीमा कशा सरकतात याचे दुसरे उदाहरण आत्महत्येच्या प्रयत्नाचे आहे. धर्माच्या दृष्टीने ते पाप. १८६० च्या दंडसंहितेच्या ३०९ व्या कलमाने तो गुन्हा. मुंबईच्या पोलीसदलातील एका शिपायावर हा खटला भरला गेला. अपघातानंतर त्याचे मन बिघडले होते. १९८६ साली मुंबई उच्च न्यायालयाने ते कलमच घटनाबाह्य ठरविले. १९९६ साली सर्वोच्च न्यायालयाने ते पुन्हा वैध मानले. २०१७ च्या मानसिक आरोग्याच्या कायद्याने अशा माणसास तीव्र ताणाखाली असल्याचे गृहीत धरावे असे सांगितले. आणि नव्या न्याय संहितेत ते कलम राहिले नाही. जे दीडशे वर्षे तुरुंगाचे काम होते ते आता दवाखान्याचे झाले. कृत्य तेच राहिले, पाहणाराची दृष्टी पालटली.

२०१९ साली महाराष्ट्रातून गेलेल्या दोन प्रकरणांचे निकाल सर्वोच्च न्यायालयाने दिले. एकात अत्यंत घोर अपराधाबद्दल फाशीची शिक्षा झालेला कैदी तुरुंगात मानसिक रोगाने इतका ग्रासला होता की, त्याला फाशी देणे न्यायाला धरून होणार नाही असे ठरले; त्याच्या अपराधास क्षमा मिळाली नाही, जन्मभर तो कैदेतच राहावयाचा, परंतु रोगी म्हणून त्याच्यावर उपचार व्हावेत असे न्यायालयाने सांगितले. गुन्हा व रोग यांना एकमेकांत न मिसळता दोघांचेही देणे देण्याचा हा प्रयत्न आहे. दुसऱ्या प्रकरणात जालना जिल्ह्यातील २००३ च्या एका घटनेबद्दल भटक्या जमातीतील सहा माणसे पकडली गेली होती. २००९ साली याच न्यायालयाने त्या सहाही जणांस फाशी सांगितली होती. दहा वर्षांनी फेरविचार झाला तेव्हा त्यांना खोटे गुंतविण्यात आल्याचे दिसून आले. सर्वांची निर्दोष सुटका झाली, व प्रत्येकास ५ लाख रुपये भरपाई देण्याचा हुकूम झाला. १८७१ चा कायदा रद्द होऊन तोवर दोन पिढ्या उलटल्या होत्या. परंतु पकडावयाचे कोणास, हा प्रश्न पडला की दृष्टी पालावरच जाते, हे त्या सहा जणांच्या गेलेल्या सोळा वर्षांनी सिद्ध केले.

तो कायदा मुंबई प्रांतात १९४९ साली व सर्व देशात ३१ ऑगस्ट १९५२ रोजी रद्द झाला, आणि त्या जमातींना ‘विमुक्त’ हे नाव मिळाले. महाराष्ट्राच्या यादीत अशा चौदा जमाती आहेत. परंतु कायदा जाताना आपली सावली मागे ठेवून गेला : सराईत गुन्हेगारांविषयीचे कायदे आले, तुरुंगांच्या नियमपुस्तकांत जुने शब्द राहिले. सोलापूरचेच बाळकृष्ण रेणके यांच्या अध्यक्षतेखालील राष्ट्रीय आयोगाने २००८ साली या जमातींच्या स्थितीचा अहवाल दिला. अखेर ३ ऑक्टोबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तुरुंगांतील जातिभेदाचे नियम रद्द करताना, विमुक्त जमातीत जन्मलेल्या माणसास त्या जन्मावरून सराईत गुन्हेगार समजता कामा नये असे बजाविले. स्टीफनच्या कायद्यापासून हे वाक्य उच्चारले जाण्यास एकशे त्रेपन्न वर्षे लागली.

वेड, गुन्हा व पाप यांच्यातील रेषा कधीकाळी अगदी स्पष्ट होईल असे आम्हांस वाटत नाही. मनाचा रोग कोठे संपतो व दुष्ट इच्छा कोठे सुरू होते हे सांगण्यास वैद्यकाचे ज्ञान अद्याप अपुरे आहे. मत्त व उन्मत्त माणसाने केलेला व्यवहार सिद्ध होत नाही असे मनुस्मृतिकारानेही सांगून ठेवले आहे. म्हणजे हा प्रश्न आपल्याकडेही फार जुना आहे, आणि प्रत्येक पिढीस तो नव्याने सोडवावा लागतो. परंतु रेषा पुसट असली तरी ती शोधावयाची कोठे हे पुसट नाही. ती एकेका माणसाच्या ठायी शोधावयाची असते : त्याने काय केले, कोणत्या स्थितीत केले, त्याला काय कळत होते, त्याला आवरता आले असते काय. हे प्रश्न कष्टाचे आहेत. त्यांना वेळ लागतो, साक्ष लागते, क्वचित् वैद्य लागतो. त्या कष्टास कंटाळून समाज जेव्हा जातीला, वस्तीला किंवा आडनावाला प्रश्न विचारू लागतो तेव्हा त्यास ताबडतोब उत्तर मिळते. सोलापूरचे तारेचे कुंपण हे असेच एक ताबडतोब मिळालेले उत्तर होते. गिरण्यांचे भोंगे आता थांबले आहेत, हजेरीची वही बंद झाली आहे. परंतु त्या वस्तीतील मुलगा नोकरीसाठी अर्ज लिहिताना पत्त्याच्या ओळीपाशी अजूनही थबकत असेल, तर त्या कुंपणाची एखादी तार आपल्या मनात शिल्लक राहिली आहे असे समजावे.